पंचनाम्यातलं खापर

पंचनामा कसा वाचावा, हे मला वकिलीच्या अठराव्या वर्षी आमच्या हिने शिकवलं. तोवर तिचा आणि कायद्याचा संबंध माझ्या काळ्या कोटाला इस्त्री करण्यापुरता होता, निदान माझी तशी समजूत होती. बारमध्ये मी पंचनामे वाचण्यात तरबेज म्हणून ओळखला जायचो. त्या ओळखीची मला थोडी घमेंडही होती. ती कशी उतरली, ते सांगतो.

जळगावला आणि तारखा पडतील तशी धुळ्यालाही मी अपघाताची कामं करायचो. रस्त्यावर माणूस गेला की त्याच्या घरच्यांसाठी विमा कंपनीकडून नुकसानभरपाई मागायची, हे माझं काम. आम्हाला कोर्टात 'ठोकरवाले वकील' म्हणत. सुरुवातीला राग यायचा, मग सवय झाली. या कामात वकिली थोडी आणि अंकगणित फार. मेलेला माणूस किती कमवत होता ते सिद्ध करायचं, त्यातून त्याचा स्वतःचा खर्च वजा करायचा, उरेल त्याला त्याच्या वयाप्रमाणे ठरलेल्या आकड्याने गुणायचं. एका माणसाचं आयुष्य एका गुणाकारात बसवायचं. पहिली दोन-तीन वर्षं मला हे करताना अवघडल्यासारखं व्हायचं, पुढे नाही झालं. याचं मला आज जास्त वाईट वाटतं.

निकाल पटला नाही तर तीन महिन्यांत औरंगाबादला खंडपीठात अपील. भरपाई जास्त झाली म्हणून कंपनी करायची, कमी झाली म्हणून आम्ही करायचो. अपिलात साक्षीदार नसतो, रडणारं कुणी नसतं. खाली कोर्टात जे कागदावर आलं तेवढंच वर जातं. म्हणून खाली एखादी गोष्ट लिहून घ्यायची राहिली, की ती राहिलीच.

आणि लोकांना जे हवं असतं त्यासाठी कागदात बऱ्याचदा रकानाच नसतो. साक्रीकडच्या डोंगरातले एक नाना आठवतात. त्यांचा तरुण मुलगा ट्रकखाली गेला होता. प्रत्येक तारखेला ते पहाटेच्या गाडीने धुळ्याला यायचे आणि मला एकच विचारायचे, "तो डायवर कवय येवाव शे?" मी समजावायचो की नाना, ड्रायव्हर कधीही येवो, न येवो, पैसे कंपनी देणार आहे. ते मान हलवायचे आणि पुढच्या तारखेला पुन्हा तेच. शेवटी ड्रायव्हर साक्षीला आला. बाहेर लिंबाखाली नाना त्याच्यासमोर उकिडवे बसले आणि म्हणाले, "भाऊ, मना पोऱ्या शेवटले काय बोलना?" त्या माणसाने खाली बघत सांगितलं, "पाणी मागं त्यानी. मी पाजं." नाना उठले आणि धोतराच्या सोग्याने डोळे पुसले. पुढे निकाल काय लागला ते विचारायलाही ते आले नाहीत. पैसे मीच पोस्टाने कळवून त्यांना घ्यायला लावले.

पण सांगायचं आहे ते देवकाबाईंचं.

धरणगावजवळच्या एका खेड्यातले रघुनाथभाऊ माझ्याकडे आले, तेव्हा नवा मोटार कायदा येऊन दोन-एक वर्षं झाली असतील. चाळिशीचा उंच, ताठ माणूस, टोपी कधी वाकडी नाही. थोडी कोरडवाहू शेती, पण गावच्या जुन्या पाटलाच्या भावकीतले, त्यामुळे मान मोठा. त्यांची बायको देवकाबाई नशिराबादजवळ हायवेच्या कडेला एसटीची वाट बघत उभी असताना ट्रकने उडवली होती. मागे दोन लहान मुलगे आणि चौदा वर्षांची मंगला. कुठून येत होत्या विचारलं, तर म्हणाले, "पाहुण्यांकडच्या लग्नाहून." मी तसंच लिहिलं.

काम सोपं होतं. ट्रक चुकीच्या बाजूला आला होता, हे पंचनाम्यातल्या टायरच्या खुणांवरून मी अर्ध्या तासात सिद्ध केलं. अशा वेळी पंचनाम्यात मी तीनच गोष्टी बघायचो. रस्त्याची रुंदी, टायरच्या खुणा आणि वाहन कुठल्या तोंडाने उभं होतं ते. बाकीच्या ओळी मी कढीपत्त्यासारख्या ताटाच्या कडेला काढून ठेवायचो.

मग रघुनाथभाऊंची उलटतपासणी झाली. कंपनीचे वकील आमच्याच बारमधले जुने, हुशार गृहस्थ. त्यांनी अगदी सहज विचारलं, "तुमच्या पत्नी मजुरीला जात होत्या का?" रघुनाथभाऊ ताठ झाले. "आमच्या घरातल्या बाया मजुरीला जात नाहीत," म्हणाले. कोर्टात बोलायचं म्हणून चांगली पुस्तकी मराठी काढली होती. वकील थँक्यू म्हणून खाली बसले. मला तेव्हा उठून काहीतरी विचारायला हवं होतं. पण माझ्या डोक्यात टायरच्या खुणा घोळत होत्या.

निकालात देवकाबाई 'केवळ गृहिणी' ठरल्या. केवळ गृहिणी म्हणजे कमाई नाही, आणि कमाई नाही म्हणजे गुणायला फारसं काही नाही. रक्कम इतकी किरकोळ आली की मला ती अशिलाला सांगायची लाज वाटली. न्यायाधीशांचा दोष नव्हता. समोर जे आलं त्यावरच त्यांनी निकाल दिला होता.

रघुनाथभाऊंनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "जाऊ द्या. दहावी झाली का मंगलीचं लगीन करून टाकतो. एक जागा सांगून आलीय." मुलगी बापाच्या मागे उभी होती. हातात गणिताची वही होती, ती तिने पोटाशी धरली. वर्गात पहिली यायची म्हणे. तिला मास्तरीण व्हायचं होतं. भरपाईतला तिचा वाटा बँकेत राहून तिच्या शिक्षणाला येणार, असं मीच तिला आधी मोठ्या रुबाबात सांगून बसलो होतो. आता त्या वाट्यात डी.एड.चं एक वर्षही निघालं नसतं.

मी म्हटलं, अपील करू. पण कशावर करायचं, हे मला स्वतःला माहीत नव्हतं.

अपिलासाठी सगळे कागद नकलून घ्यावे लागतात. त्या रविवारी सकाळी मी ओट्यावर बसून नक्कल मूळ कागदाशी ताडून बघत होतो. असं ताडताना एकाने मोठ्याने वाचायचं आणि दुसऱ्याने बघायचं असतं. माझा कारकून आजारी होता, म्हणून मी एकटाच वाचत होतो आणि शेजारी ही तुरीची डाळ निवडत बसली होती. पंचनाम्याच्या शेवटच्या परिच्छेदाशी आलो. 'सदर ठिकाणी लुगड्याची चुंबळ एक, गोणपाटात गुंडाळलेल्या मातीच्या खापराचे तुकडे, लोखंडी उलथणे एक, नारळ एक, तसेच अंदाजे चार-पाच पायली गहू सांडलेले मिळून आले.' मी पान उलटलं.

"थांबा," ही म्हणाली. "परत वाचा."

मी वाचलं.

"ही बाई लग्नाला पाहुणी म्हणून गेली होती?"

"हो."

"आणि खापर घेऊन गेली होती?"

ती डाळीचं ताट बाजूला ठेवून म्हणाली, "अहो, पाहुणी बाई कधी स्वतःचं खापर घेऊन लग्नाला जाते का? ती मांडे करायला गेली होती. खापर हाताला बसलेलं लागतं. मांडे करणारी बाई दुसऱ्याच्या खापरावर हात टाकत नाही. आणि गहू, नारळ कसले? ओटी भरली तिची. काम झाल्यावर भरतात ती."

बाहेरच्या वाचकांसाठी सांगायला हवं. आमच्या खानदेशात लग्नाला, आखाजीला म्हणजे अक्षय तृतीयेला मांडे लागतात. पुरण भरलेला गोळा लाटायचा नाही, तर दोन्ही हातांवर फिरवत, झुलवत कोपरापर्यंत वाढवायचा आणि चुलीवरच्या पालथ्या मडक्यावर, म्हणजे खापरावर टाकायचा. कागदासारखा पातळ झाला पाहिजे आणि फाटता कामा नये. हे काम सगळ्यांना जमत नाही. लग्नघरी ज्या बाईचा हात चांगला तिला मानाने बोलावतात आणि जाताना तिच्या ओटीत धान्य, नारळ आणि थोडे पैसे घालतात. त्याला मजुरी कुणी म्हणत नाही. मी खानदेशात जन्मलो, शेकडो मांडे खाल्ले. खापर मात्र जवळून कधी बघितलं नव्हतं आणि ते कुणी कुठून आणलं, हा प्रश्न मला कधी पडला नव्हता.

मी त्याच आठवड्यात रघुनाथभाऊंना निरोप धाडला. ते मंगलाला घेऊन आले. मी सरळ विचारलं, "देवकाबाई मांडे करायला जायच्या का?"

ते म्हणाले, "जायच्या एखाद-दुसऱ्या लग्नात. नात्यातल्या."

मंगला मागून बोलली, "बारा गावले जाये मनी आई."

रघुनाथभाऊ वळले. "तू गप बस."

ती गप्प बसली नाही. गावांची नावं घेत गेली. पाळधी, एरंडोल, म्हसावद, पार नशिराबादच्या पुढपर्यंत. लगीनसराईत आई चार-चार दिवस घरी नसायची. वर्षाचे गहू तिच्या ओटीतून यायचे. वह्या-पुस्तकंही त्यातूनच. रघुनाथभाऊंनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. त्यांच्या गावात सगळ्यांना हे ठाऊक होतं आणि कुणीच बोलत नव्हतं. पाटलाच्या भावकीतल्या माणसाचं घर बायकोच्या ओटीवर चालतं, हे उघड बोलायचं नाही, असा तो अलिखित करार होता.

मी समजावलं. अपिलात नवा पुरावा सहसा घेत नाहीत. पण खापर तर जुन्याच कागदात आहे. त्याच्या आधारावर नवा पुरावा घ्यावा असा अर्ज करता येईल, मात्र त्याला तुमचं प्रतिज्ञापत्र लागेल. तुम्हाला स्वतः सांगावं लागेल.

"ते नाही व्हायचं," ते म्हणाले आणि उठले.

मला संताप आला. माझा स्वभावच तसा, आणि चूक स्वतःची असली की मला जास्तच राग येतो. मी म्हणालो, "मग पोरीचं लग्न लावा आणि मोकळे व्हा." पंचनाम्याचा कागद त्यांच्यापुढे टाकला. मग लक्षात आलं, की या माणसाला तो कधी कुणी वाचूनच दाखवलेला नाही. दोन वर्षं खटला चालला आणि त्यात नवऱ्याला बायकोचा पंचनामा माहीत नव्हता. मी कागद उचलला आणि शेवटचा परिच्छेद हळू वाचला. चुंबळ. खापराचे तुकडे. उलथणे. नारळ. सांडलेले गहू.

रघुनाथभाऊ दारात उभे होते. मग म्हणाले, "त्या गहू आमना घर येई राहिंतात, वकीलसाहेब."

परत येऊन बसले. टोपी तशीच हातात. म्हणाले, "कोठे सही करानी शे?"

चहा घेऊन आलेल्या आमच्या हिने तेवढ्यात आणखी एक गोष्ट पदरात पाडून घेतली. "भाऊ, अपिलाचा निकाल लागेपर्यंत पोरीला शिकू द्याल ना?" चहाचा कप हातात असलेल्या माणसाला नाही म्हणता येत नाही. त्यांनी मान डोलावली.

त्या अपिलाची फी मी घेतली नाही. मोठेपणा म्हणून नव्हे. ज्या ओळीवर अपील उभं राहिलं ती ओळ दोन वर्षं माझ्याच कपाटात पडून होती.

औरंगाबादला माझा एक जुना वर्गमित्र काम चालवत होता. अर्ज मंजूर व्हायला दीड वर्ष गेलं. खंडपीठाने सांगितलं, की देवकाबाईंच्या कमाईपुरता पुरावा जळगावलाच नोंदवा आणि वर पाठवा. तोवर खालचे न्यायाधीश बदलले होते. नवीन साहेब कोकणातले, त्यांना मांडे म्हणजे काय ते ठाऊक नव्हतं. देवकाबाईंबरोबर लग्नघरी काम करणाऱ्या एक अक्का साक्षीला आल्या, नऊवारी, कपाळभर कुंकू. कंपनीचे वकील तेच जुने. त्यांनी विचारलं, "घरोघरी सगळ्याच बायका मांडे करतात. यात कसब ते काय?"

अक्का म्हणाल्या, "तुमना घर कोन करस, साहेब?"

खरं म्हणजे साक्षीदाराने प्रश्न विचारायचा नसतो, पण साहेबांनी त्यांना अडवलं नाही. "बाहेरून बोलावतो," वकील म्हणाले.

"मंग?" अक्का म्हणाल्या. मग साहेबांकडे वळून दोन्ही हात पुढे करून त्यांनी हवेतच मांडा करून दाखवला. मनगटं फिरत होती, कोपर झुलत होते. "लाटनं लागस नही. हातवरच मोठा करना पडस. कोपरलगून उना का खापरवर टाकना. लगीनघर दोन-तीन जनी बलावना पडतस. देवका उनी म्हंजे दुसरीले बलावानं काम नही." लघुलेखक त्यांच्या हातांकडे बघत लिहायचं विसरला. साहेबांनी खापराला इंग्रजीत काय म्हणायचं ते आम्हा दोघा वकिलांना विचारलं. आम्हा दोघांनाही सांगता आलं नाही. शेवटी त्यांनी लघुलेखकाला 'पालथं मातीचं मडकं' असं काहीसं इंग्रजीत लिहायला सांगितलं.

मग रघुनाथभाऊ पिंजऱ्यात उभे राहिले. गावातले चार-पाच जण मागच्या बाकावर होते. त्यातले दोघे भावकीतले. ते मुद्दाम ऐकायला आले होते, हे मला ठाऊक होतं आणि रघुनाथभाऊंनाही.

कंपनीचे वकील म्हणाले, "मागे याच कोर्टात तुम्ही शपथेवर सांगितलंत की पत्नी मजुरीला जात नव्हती. तेव्हा खोटं बोललात की आता बोलताय?"

आदल्या दिवशी मी त्यांच्याकडून याचं उत्तर घोटून घेतलं होतं. ते त्यांनी दिलं नाही. पुस्तकी मराठीही या वेळी काढली नाही. मागच्या बाकाकडे एकदा बघितलं आणि म्हणाले, "तवय बी खोटं नही बोलनू, साहेब. तुमीन मजुरीनं इचारं. मजुरी ती नही करे. लोके तिले मानमा बलायेत. पन तिनी ओटीमा जे ये, त्यावर आमनं घर चाले. बठ्ठं घर. हाई मी तवय सांगं नही. माले लाज वाटनी."

वकील खाली बसले. कोर्ट उठल्यावर व्हरांड्यात ते माझ्याजवळ आले आणि म्हणाले, "तुझ्या अशिलाला शिकवतोस कसलं? त्याच्याकडून शिक." आयुष्यभर ते माझ्या विरुद्ध उभे राहिले. पण इतकं खरं ते मला दुसऱ्यांदा कधी बोलले नाहीत.

निकाल यायला आणखी एक वर्ष गेलं. मंगला बारावीला होती. ती सांगून आलेली जागा मधल्या काळात दुसरीकडे जुळली होती, पण नव्या जागा येतच होत्या आणि रघुनाथभाऊंवर भावकीचा दबाव वाढत होता. चहाच्या वेळी हिला दिलेला शब्द त्यांनी पाळला, एवढंच. अपील हरलो असतो तर त्या उन्हाळ्यात तिचं लग्न ठरलं असतं, यात मला शंका नाही.

बारावीची परीक्षा संपायच्या आठवड्यात औरंगाबादहून निकाल आला. खंडपीठाने देवकाबाईंना कसबी कारागीर मानलं आणि घरातलं त्यांचं काम वेगळं धरलं. भरपाई कित्येक पटींनी वाढली. मी रघुनाथभाऊंना बोलावून आकडा सांगितला. त्यांनी तो ऐकला आणि विचारलं, "तिच्याबद्दल काय लिहिलंय?" मी इंग्रजी निकालातली ती दोन वाक्यं त्यांना मराठीत सांगितली. ते म्हणाले, लिहून द्या. माझ्या लेटरहेडवर, माझ्या बऱ्या अक्षरात मी ती वाक्यं लिहून दिली. कागदाची घडी करून त्यांनी ती टोपीत ठेवली.

त्या वर्षी आखाजीला त्यांनी आम्हा दोघांना जेवायला बोलावलं. आखाजीला आमच्याकडे गेलेल्या माणसांच्या नावाने घागर भरतात. देवकाबाईंच्या नावाची घागर ओसरीवर होती. परसात चुलीवर नवं कोरं खापर पालथं घातलेलं होतं. ते कुंभाराकडून डोक्यावर घेऊन रघुनाथभाऊ स्वतः भर बाजारातून आले होते, हे मंगलाने हिला हळूच सांगितलं. मंगला मांडे करत होती. पहिला फाटला. दुसरा फाटला. आमची ही पदर खोचून तिच्याशेजारी बसली, आणि मी लग्नाला वीस वर्षं झाल्यावर प्रथमच माझ्या बायकोचे हात मांडा करताना बघितले. तिला येतं, हे मला माहीतच नव्हतं. मी विचारलं नव्हतं.

पंगत बसली. भावकीतले सगळे होते, कोर्टात मागच्या बाकावर बसलेले ते दोघेही. डी.एड.च्या फॉर्मची चौकशी झाली, पावसाची झाली. कुणीतरी पाहुण्याने फाटका मांडा उचलून चेष्टेने म्हटलं, "मंगलीले हाऊ कोनी शिकाडा?"

रघुनाथभाऊ वाढत होते. भावकीच्या पंगतीत पुरुष वाढतो, त्यात विशेष काही नव्हतं. ते हातातलं तुपाचं भांडं खाली ठेवून ताठ उभे राहिले, पहिल्यांदा माझ्या दारात आले होते तसे.

"तिनी मायनी," ते म्हणाले. "मनी बायको मांडा करे. बारा गावले जाये."

मग भांडं उचललं आणि पुढच्या ताटात तूप वाढलं.